काळा गाळ शेतात टाकण्याआधी: ओढ्या-नदीतला दूषित गाळ तपासायचा कसा, काढायचा कसा

तात्यांनी ओढ्यातला गाळ दोन एकरांवर पसरला तेव्हा मी बांधावर उभा राहून ट्रॅक्टरच्या खेपा मोजत होतो. "काळं सोनं हाय रे, एवढं फुकट कोण देतंय," असं ते म्हणाले आणि मलाही ते पटलं. पाझर तलावातला गाळ आम्ही आधी टाकला होता, कापूस जोरात आला होता. फरक एकच होता. हा ओढा शहराच्या आणि एमआयडीसीच्या खालच्या अंगाला आहे. त्या पावसाळ्यात तूर ठिगळाठिगळानं उगवली, आणि पहिल्या उन्हात रानातून गॅरेजसारखा वास यायला लागला.

मग गाळ तपासायचं खूळ डोक्यात शिरलं. दोन वर्षं गेली, पैसे गेले, पहिल्या खेपेचे सगळे नमुने वाया गेले. तुमच्या बाबतीत तसं होऊ नये म्हणून हे लिहितोय. ग्रामपंचायत सदस्य असाल, नदीवर काम करणाऱ्या मंडळात असाल किंवा नुसतेच शेतकरी असाल, तरी यातलं बरंचसं स्वतः करता येतं. जे स्वतः करू नये ते त्या-त्या ठिकाणी सांगितलंय.

'गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार' ही योजना २०१७ साली आली आणि मराठवाड्यात गाळ वाहून नेण्याची चळवळच झाली. ती चांगलीच आहे. पण ती तलाव आणि धरणांच्या गाळासाठी आहे. तलावात येतो तो मुख्यतः आपल्याच शिवारातून धुपून आलेला मातीचा थर. शहराचं सांडपाणी वाहून नेणाऱ्या नाल्याच्या तळाशी साचतो तो वेगळा माल. दोन्हींचा रंग काळा, एवढ्यावर दोन्ही एक समजू नका.

१. आधी ओढा पायी फिरा

लॅब शोधण्याआधी चपला झिजवा. तुमच्या गावापासून वरच्या अंगाला, जिथपर्यंत जाता येईल तिथपर्यंत. वहीत लिहा: कुठला नाला कुठं मिळतो, कुठं पाईप दिसतो, कुठं पाण्यावर तेलाची झाक आहे, कुठं फेस आहे, कुठं बंधारा आहे. बंधाऱ्यामागं पाणी थांबतं आणि बारीक कण तिथंच बसतात. दूषित गाळाचे साठे बहुतेक वेळा बंधाऱ्याच्या पोटात, पुलाखालच्या डबक्यात आणि वळणाच्या आतल्या बाजूला सापडतात. मधल्या वाळूच्या पट्ट्यात फारसं काही नसतं, कारण धातू आणि तेल वाळूला चिकटत नाहीत, चिकणमातीला आणि कुजलेल्या सेंद्रिय पदार्थाला चिकटतात.

म्हाताऱ्या माणसांना विचारा. मासे कधी बंद झाले, म्हशी कधीपासून पाण्यात जात नाहीत, रंगीत पाणी कोणत्या वेळेला यायचं. आमच्या एका आजोबांनी सांगितलं की रंगीत पाणी नेहमी पहिल्या मोठ्या पावसाच्या रात्री यायचं. हे कुठल्या कागदात नव्हतं.

सोबत माहिती अधिकाराचा अर्ज टाकून द्या, दहा रुपयांत होतो. वरच्या अंगाच्या कारखान्यांना प्रदूषण नियंत्रण मंडळानं दिलेली संमतीपत्रं आणि त्यातल्या अटी मागा. कारखाना नेमकं काय बनवतो हे कळलं की काय तपासायचं ते कळतं. प्लेटिंगचं (धातूवर मुलामा द्यायचं) काम असेल तर क्रोमियम, निकेल, जस्त. बॅटरी असेल तर शिसं. औषधं, रंग, कीटकनाशकं असतील तर सेंद्रिय रसायनं. सगळंच तपासायला गेलात तर लॅबचं बिल बघून घरी भांडण होईल.

२. कुणाला सांगून ठेवायचं

आमच्याकडं फावडं घेऊन कुणी नदीत उतरलं की त्याला आधी वाळूचोर समजतात. आम्हालाही समजले. तहसीलच्या पथकाची गाडी थांबली, "कामून खांदायलाव रे हितं?" म्हणून विचारलं, आणि प्लास्टिकचे डबे, पाईप, थर्माकोलचा खोका बघून ते आमच्यापेक्षा जास्त गोंधळले. नदीचा तळ सरकारी असतो. दोन किलो गाळासाठी परवान्याचा बाऊ करू नका, पण लेखी कळवून पोच घ्या.

लागणारे कागद:

- ग्रामपंचायतीचा ठराव (गाळ तपासणीसाठी, नुसता "नदी स्वच्छतेसाठी" असा मोघम नको)
- तलाठी आणि तहसीलदारांना कळवल्याच्या अर्जाची पोच
- बंधारा असेल तर तो ज्यांच्या ताब्यात आहे त्या पाटबंधारे किंवा जलसंधारण कार्यालयाला पत्र
- नमुना घेताना करायचा साधा पंचनामा, दोन पंचांच्या सह्यांसह
- प्रत्येक नमुन्याची नोंद: तारीख, वेळ, मोबाईलवरचे अक्षांश-रेखांश, खोली, फोटो
- नमुना कुणाच्या हातून कुणाच्या हाती गेला त्याचा तक्ता, लॅबच्या पोचपावतीपर्यंत

एक गोष्ट आधीच समजून घ्या. तुम्ही घेतलेला नमुना तक्रारीला वजन देतो, कोर्टात कारखान्याविरुद्ध पुरावा म्हणून तो पुरेसा धरत नाहीत. १९७४ च्या जल कायद्यात सांडपाण्याचा नमुना कसा घ्यायचा याची पद्धत कलम २१ मध्ये दिलीय, आणि ती पाळून प्रदूषण नियंत्रण मंडळानं घेतलेल्या नमुन्यालाच तिथं किंमत. म्हणून तुमचा रिपोर्ट हातात आला की मंडळाकडं "आता तुम्ही येऊन नमुना घ्या" असा अर्ज करायचा. मंडळाचं प्रादेशिक कार्यालय छत्रपती संभाजीनगरला आहे.

३. साहित्य

परदेशात बोटीवरून लोखंडी जबड्याची यंत्रं सोडून गाळ उचलतात. आपल्याला त्याची गरज नाही. मराठवाड्यातले ओढे उन्हाळ्यात बहुतेक आटलेले असतात, पायी उतरता येतं. एप्रिलचा शेवट ते मे हा काळ धरा. पावसाळ्यानंतर लगेच गेलात तर वर ताज्या मातीचा थर असतो आणि खालचा माल झाकलेला राहतो.

- अडीच-तीन इंची पीव्हीसी पाईपचे मीटरभर तुकडे, एका टोकाला कानस मारून धार केलेले, आणि दोन्ही टोकांना बसतील अशी झाकणं
- लाकडी मोगरी आणि ठोकण्यासाठी लाकडाचा ठोकळा
- प्लास्टिकचा सुपडा किंवा मोठा चमचा, प्लास्टिकचं टब
- नवे, रुंद तोंडाचे प्लास्टिकचे डबे. तेल आणि कीटकनाशकांसाठी काचेच्या बरण्या, झाकणाला आतून फॉईल
- बर्फ भरलेला थर्माकोलचा खोका (मासळीवाल्याकडं मिळतो, धुऊन घ्या)
- गमबूट, कोपरापर्यंतचे रबरी हातमोजे, दोरी, लांब बांबू
- पेन्सिल, पक्क्या शाईचा मार्कर, टेप

धातू तपासायचे असतील तर लोखंडी फावड्यानं नमुना घेऊ नका, गंजलेलं पातं आकडे बिघडवतं. तेल तपासायचं असेल तर उलटं: प्लास्टिक नको, स्टीलचा चमचा आणि काचेची बरणी. आम्ही पहिल्या वेळी दोन्ही एकाच डब्यात भरून मोकळे झालो होतो.

४. नमुने कुठून घ्यायचे

सगळ्यात महत्त्वाचा नमुना दूषित जागेचा नसतोच. तो वरच्या अंगाचा असतो, जिथं अजून शहर नाही, कारखाना नाही, पण माती तीच आहे. असे किमान तीन नमुने घ्या. हा तुमचा "मूळ आकडा". का, ते सातव्या पायरीवर कळेल. हा आळस केलात तर पुढचं सगळं पाण्यात गेलं समजा.

मग नाला मिळण्याच्या जागेच्या लगेच खाली, बंधाऱ्याच्या पोटात, गावाजवळ, आणि गावाच्या खाली असे टप्पे धरा. प्रत्येक टप्प्यावर पाच ठिकाणचा गाळ टबात कालवून एक नमुना करायचा. एकाच जागेचा ढेकूळ घेतला तर नेमकी तिथं पडलेली बॅटरीची कांडी तुमचा अख्खा रिपोर्ट ठरवेल. तेलाचा नमुना मात्र कालवायचा नाही, उडून जातं. तो थेट बरणीत, काठोकाठ.

५. प्रत्यक्ष नमुना

एकटे उतरू नका. वरून वाळलेला, भेगा पडलेला दिसणारा गाळ खाली दह्यासारखा असतो. बांबूनं टोचत पुढं जा. कमरेच्या वर जाईल असं वाटलं तर मागं फिरा. काळा गाळ ढवळला की सडक्या अंड्याचा वास येतो, तो हायड्रोजन सल्फाइड वायू. वास येतोय तोवर सावध राहता येतं. वायू फार वाढला की नाकच बधिर होतं आणि वास थांबतो, तेव्हा "गेला वास" म्हणून खूश होऊ नका. पुलाखालच्या किंवा बंदिस्त गटाराच्या भुयारात तर शिरूच नका. हातापायाला जखम असेल तर त्या दिवशी काठावर बसून नोंदी ठेवा.

पाईप उभा धरून ठोकळ्यावर मोगरी मारत खाली घाला. मुरूम किंवा घट्ट पांढरी माती लागली की आवाज बदलतो. वरचं झाकण लावायचं, मग पाईप फिरवत वर ओढायचा आणि खालचं तोंड लगेच हातानं दाबायचं. झाकण विसरलात तर सगळा गाळ खालून निसटतो, पाईप रिकामा येतो आणि काठावरची मंडळी हसतात.

दोन मापं लिहा: पाईप किती खाली गेला आणि आत गाळ किती आला. साठ सेंटिमीटर गेला आणि पंचेचाळीस आला असं होणारच, गाळ दबतो. दोन्ही मापं नसतील तर पुढं किती घनमीटर काढायचा याचा हिशेब चुकतो.

आम्ही पहिला पाईप लिंबाखाली पोत्यावर आडवा ठेवून ग्राइंडरनं उभा चिरला. वर दोन बोटं तपकिरी साय. त्याखाली एकदम काजळासारखा काळा, चकाकणारा थर, बोटाला लावला तर साबणासारखा गुळगुळीत. त्यात मध्येच एक राखाडी पट्टी, कुठल्यातरी पुराची वाळू असावी. चाळीस सेंटिमीटरवर गुटख्याची पुडी निघाली, रंगसुद्धा गेला नव्हता. कुणीतरी म्हणालं, पुडीवरून थराचं वय कळेल, गुटख्यावर बंदी २०१२ ची आहे. सगळे हसले. त्याच्या खाली काळा रंग संपला आणि चुनखडीचे खडे असलेली पिवळसर माती लागली. तो ओढ्याचा खरा तळ.

तो काळा रंग मुख्यतः लोह सल्फाइडचा असतो. हवा नसली की तो तयार होतो, आणि सांडपाणी साचलेल्या कुठल्याही डबक्यात सापडतो. म्हणजे काळा रंग हा विषाचा पुरावा नाही, आणि सुपीकपणाचाही नाही. चिरलेला पाईप तासभर हवेत ठेवलात तर काळा थर वरून तपकिरी पडताना डोळ्यांना दिसतो.

थर वेगळे करून वेगळ्या डब्यांत भरा: वरचे दहा सेंटिमीटर, मग दहा ते तीस, मग त्याखालचा, आणि शेवटी तळाची माती. पाईपच्या भिंतीला लागलेला गाळ सोडून मधला घ्या, कारण भिंतीवर वरचा गाळ खाली घासत गेलेला असतो. प्रत्येक डब्यात किलोभर पुरे.

चिठ्ठी डब्यावर लावा, झाकणावर नाही. झाकणं अदलाबदल होतात. आणि बॉलपेन नको. आमचे पहिले अकरा डबे बर्फाच्या पाण्यात भिजले, शाई फुटली, आणि लॅबच्या दारात उभं राहून आम्ही कोणता डबा कुठला यावर वाद घालत बसलो. शेवटी सगळे फेकून दिले.

६. लॅबला काय सांगायचं

फोन करून पहिला प्रश्न: "गाळ किंवा माती, धातूंसाठी, तुमच्या एनएबीएल मान्यतेच्या यादीत आहे का?" एनएबीएल म्हणजे लॅबना मान्यता देणारी राष्ट्रीय संस्था. बऱ्याच लॅबना मान्यता फक्त पाण्याची असते. त्या गाळ घेतात, पाण्यात ढवळतात आणि त्या पाण्याचा रिपोर्ट देतात. आमचं नेमकं हेच झालं. दुसऱ्या खेपेचा रिपोर्ट मिलिग्रॅम प्रति लिटरमध्ये आला, सगळं "मर्यादेत". आम्ही पेढे वाटायचेच बाकी होतो.

लेखी मागा:

- आकडे कोरड्या वजनावर, मिलिग्रॅम प्रति किलोमध्ये. साठ टक्के पाणी असलेल्या ओल्या गाळात चाळीस आलेला आकडा कोरड्या वजनावर शंभर होतो.
- शिसं, कॅडमियम, क्रोमियम, तांबं, निकेल, जस्त, आर्सेनिक, पारा. सोबत लोह आणि ॲल्युमिनियम, विसरू नका.
- सामू (पीएच), क्षारता, सेंद्रिय कर्ब, आणि ६३ मायक्रॉनपेक्षा बारीक कण किती टक्के.
- कोणत्या आम्लात विरघळवलं त्याचं नाव.
- पहिल्या पायरीवरच्या चौकशीप्रमाणे तेल, कीटकनाशकं वगैरे.

एक नमुना दोन डब्यांत विभागून वेगळ्या नावानं द्या. दोघांचे आकडे फार वेगळे आले तर लॅबला विचारा. हे लॅबला आधी सांगायचं नसतं.

नमुने थंडच पोचले पाहिजेत, चार अंशांच्या आसपास. पारा असेल तर २८ दिवसांत तपासणी व्हायला हवी, बाकीचे धातू सहा महिने टिकतात. नुसती क्षारता, सामू, कर्ब बघायचा असेल तर माती परीक्षण केंद्र पुरतं. परभणीच्या कृषी विद्यापीठाची माणसं शेताच्या अंगानं नीट समजावून सांगतात.

७. रिपोर्ट वाचायचा कसा

इथं शिकलेली माणसंही घसरतात.

पहिली घसरण: पिण्याच्या पाण्याचं मानक लावणं. त्यात शिशाची मर्यादा लिटरला ०.०१ मिलिग्रॅम आहे. किलोभर गाळात ९ मिलिग्रॅम शिसं दिसलं की "नऊशे पट जास्त!" अशी बातमी होते. ही तुलनाच चूक आहे. साध्या, स्वच्छ मातीतही तेवढं शिसं असतं.

दुसरी घसरण जास्त खोल आहे आणि ती खास आपल्या भागाची आहे. नदीच्या गाळासाठी उत्तर अमेरिकेत २००० साली मांडलेले आकडे जगभर वापरतात. त्यात दोन पायऱ्या: खालच्या आकड्याच्या आत असेल तर तळातल्या जीवांना अपाय बहुधा नाही, वरच्या आकड्याच्या पुढं असेल तर बहुधा आहे. किलोमागे मिलिग्रॅममध्ये ते असे: शिसं ३५.८ आणि १२८, कॅडमियम ०.९९ आणि ४.९८, तांबं ३१.६ आणि १४९, क्रोमियम ४३.४ आणि १११, निकेल २२.७ आणि ४८.६, जस्त १२१ आणि ४५९.

आता आपल्या पायाखालचा दगड बघा. मराठवाड्याचा बहुतेक भाग बेसाल्टवर, म्हणजे काळ्या पाषाणावर बसलाय. जगभरच्या बेसाल्टची सरासरी किलोमागे अशी धरतात: तांबं ८७, क्रोमियम १७०, निकेल १३०, शिसं ६, कॅडमियम ०.२ च्या आसपास. म्हणजे जिथं कधी कारखाना नव्हता अशा डोंगरातल्या झऱ्याचा गाळही निकेल आणि क्रोमियमच्या बाबतीत त्या तक्त्याच्या वरच्या आकड्याला भिडू शकतो. त्यात प्रदूषण काही नाही, दगडच तसा आहे. उलट शिसं आणि कॅडमियम आपल्या दगडात इतके कमी आहेत की ते वाढलेले दिसले तर बाहेरून आले असं बरंच ठामपणे म्हणता येतं. आपल्याकडं रिपोर्ट हातात घेतला की नजर आधी शिसं, कॅडमियम आणि पाऱ्यावर टाका. क्रोमियमच्या आकड्यावरून आरडाओरडा करण्याआधी वरच्या अंगाचा नमुना उघडा.

तुलना करायची रीत सोपी आहे. समजा (आकडे समजावण्यापुरते), वरच्या अंगाला शिसं ९ आणि लोह ८ टक्के. खाली शिसं ५४ आणि लोह ६ टक्के. दोन्हीकडं शिशाला लोहानं भागा: १.१ आणि ९. म्हणजे खाली शिसं सुमारे आठपट वाढलंय. तांबं वर ९५, खाली ११०. भागल्यावर ११.९ आणि १८.३, म्हणजे दीडपट. दीडपट वाढीवर मी कुणाशी भांडायला जाणार नाही, आठपट वाढीवर जाईन. लोहानं भागायचं कारण, गाळात वाळू जास्त की चिकणमाती यानं सगळेच आकडे वरखाली होतात. भागाकारानं तो फरक निघून जातो. मात्र जिथं पोलादाच्या भट्ट्या किंवा रोलिंग मिल आहेत, जालन्याच्या बाजूला वगैरे, तिथं लोहच बाहेरून आलेलं असू शकतं. तिथं ॲल्युमिनियमनं भागा.

वरचा आणि खालचा, दोन्ही नमुने एकाच लॅबमध्ये, एकाच पद्धतीनं झालेले हवेत. साध्या आम्लानं बेसाल्टातला क्रोमियम पुरता सुटत नाही, तीव्र आम्लानं सुटतो. पद्धत बदलली की भागाकार खोटा पडतो.

शेतात टाकायच्या दृष्टीनं क्षारता आधी बघा. माती परीक्षणाच्या रिपोर्टात ती एकच्या आत असेल तर ठीक, एक ते दोनमध्ये उगवणीला त्रास, त्यापुढं नको. तात्यांच्या तुरीचं कोडं धातूंमध्ये नव्हतं, क्षार आणि तेलात होतं. धातूंसाठी शहरी कंपोस्टची सरकारी मर्यादा हाताशी ठेवा, किलोमागे मिलिग्रॅममध्ये: शिसं १००, कॅडमियम ५, जस्त १०००, पारा ०.१५. आपली काळी जमीन चुनखडीची, सामू आठच्या पुढं, त्यामुळे धातू चटकन पिकात चढत नाहीत. पण ते जमिनीतून जातही नाहीत. पालेभाजी कॅडमियम सहज उचलते. मेथी-पालकाच्या वाफ्यात असा गाळ मी तरी टाकणार नाही, मर्यादेत असला तरी.

८. काढायचा की राहू द्यायचा

रिपोर्ट वाईट आला की गाव म्हणतं, आणा पोकलेन. थांबा. वरून घाण येतेय तोवर गाळ काढणं म्हणजे नळ चालू ठेवून फरशी पुसणं. नाला सांडपाणी केंद्राला जोडला जातोय का, कारखान्याचं पाणी बंद झालंय का, हे आधी. तिथंच तक्रारीचा जोर लावा. जुलै २०२५ मध्ये केंद्र सरकारनं दूषित स्थळांच्या व्यवस्थापनाचे नियम काढलेत. संशयित जागांची यादी स्थानिक संस्थेनं किंवा जिल्हा प्रशासनानं द्यायची, मग ९० दिवसांत प्राथमिक तपासणी व्हायची अशी त्यात रचना आहे. तुमचा ठराव आणि रिपोर्ट त्या यादीत जाण्यासाठी वापरा. हरित न्यायाधिकरणाकडं, म्हणजे पुण्याच्या खंडपीठाकडं जायचं झालं तर मुदत लक्षात ठेवा: साध्या अर्जाला कारण घडल्यापासून सहा महिने, भरपाई किंवा जागा पूर्ववत करून घेण्यासाठी पाच वर्षं.

स्रोत खरंच बंद झाला असेल आणि आकडे मधले असतील, तर न काढणंही एक पर्याय आहे. दर पावसाळ्यात वर स्वच्छ माती बसते, खालचं झाकलं जातं, आपण दरवर्षी वरच्या थराचा नमुना बघायचा. वाळू-खडीचा थर मुद्दाम टाकून झाकणं ही पद्धत संथ नद्यांत आणि खाड्यांत चालते. आपले ओढे आठ महिने कोरडे आणि मग एका रात्रीत दोन्ही थड्या भरून. तो थर पहिल्या पुरात गेला म्हणून समजा.

आणि जिवाणूंचं द्रावण विकणारे येतील. ड्रममागे भाव सांगतील, डेमो दाखवतील, वास खरंच कमी होईल. सेंद्रिय घाण आणि काही तेलं जिवाणू खातात, हे खरं. शिसं कुठलाही जिवाणू खात नाही. त्यांना एकच विचारा: "आधीचा आणि नंतरचा, शिशाचा रिपोर्ट दाखवता का?"

९. काढायचाच ठरला तर

हे काम तुमचं नाही, नगरपालिका किंवा सरकारी खात्यानं जाणकाराच्या देखरेखीत करायचं. तुमचं काम लक्ष ठेवायचं.

किती गाळ, त्याचा हिशेब स्वतः करा. लांबी २०० मीटर, रुंदी १२, खोली सरासरी ०.६: झाले १,४४० घनमीटर, म्हणजे सुमारे ५०९ ब्रास. चार ब्रासचा हायवा (डंपर) धरला तर सव्वाशेच्या वर खेपा. अंदाजपत्रकात याच्या तिप्पट दिसल्या तर विचारायला तुमच्याकडं कागद आहे.

धोकादायक कचऱ्याच्या व्याख्येत तो बसतो का, हे धातूंच्या बाबतीत पाझर चाचणीवरून ठरतं. गाळाच्या वीसपट सौम्य आम्लाचं द्रावण घेऊन सुमारे १८ तास घुसळतात आणि त्यात काय उतरलं ते मोजतात. शिशाची मर्यादा लिटरला ५ मिलिग्रॅम, कॅडमियमची १. एक सोपी युक्ती: एकूण आकड्याला वीसनं भागा. सगळंच्या सगळं उतरलं तरी तेवढंच उतरणार. शिसं किलोला १०० पेक्षा कमी असेल तर ही मर्यादा ओलांडणं शक्यच नाही, चाचणीचे पैसे वाचवा. जो गाळ व्याख्येत बसतो तो रांजणगावसारख्या अधिकृत केंद्रातच जायला हवा. गावाच्या खदानीत नाही.

लक्ष कुठं ठेवायचं:

- काम कोरड्यात व्हायला हवं. वरून मातीचा बांध घालून वाहतं पाणी पाईपनं बाजूनं काढायचं. पाण्यातच बकेट मारली तर बारीक कण ढवळून खाली जातात, आणि धातू नेमके त्यालाच चिकटलेले असतात.
- निथळायला टाकलेल्या गाळाखाली शेततळ्याला वापरतात तो पाचशे मायक्रॉनचा कागद हवा. निथळलेलं पाणी परत ओढ्यात सोडायचं नाही.
- काळा गाळ फार दिवस उघडा ठेवू नये. हवा लागली की सल्फाइडचं आम्ल होतं आणि बांधलेला जस्त, कॅडमियम सुटतो.
- तळाची पिवळी माती लागली की थांबायचं. "अजून फूटभर घेऊ" म्हणत तळ फोडला तर भेगाळ खडकातून घाण पाणी विहिरींकडं जायची वाट मोकळी होते.
- हायव्यावर ताडपत्री, आणि प्रत्येक खेपेची नोंद: निघाली कधी, पोचली कुठं, सही कुणाची. रात्रीच्या खेपा नकोत. रात्री गाळ कुणाच्या तरी पडीक रानात उतरतो.

जपानमध्ये मिनामाटाच्या उपसागरातला पाऱ्याचा गाळ काढायचं काम १९७७ ला सुरू झालं आणि १९९० ला संपलं. किलोला २५ मिलिग्रॅमपेक्षा जास्त पारा असलेला गाळ काढायचा, अशी रेघ त्यांनी आधीच आखली होती. तुमच्या कामातही अशी रेघ लेखी असायला हवी: कोणता आकडा आला की थांबायचं. नसेल तर ठेकेदार डिझेल संपलं की थांबतो.

१०. काम झाल्यावर

मशिन हलण्याआधी उघड्या तळाचे नमुने घ्यायला लावा, बिल निघाल्यावर कुणी येत नाही. मग एक पावसाळा जाऊ द्या आणि पुढच्या मे महिन्यात त्याच अक्षांश-रेखांशांवर, त्याच पद्धतीनं, त्याच लॅबमध्ये पुन्हा. प्रत्येक जागेचा एक डबा वाळवून, सीलबंद करून ग्रामपंचायतीच्या कपाटात ठेवा. आमच्याकडं असे नऊ डबे आहेत, पेन्सिलीनं लिहिलेले. तात्यांच्या रानातल्या मातीचा दहावा. त्या दोन एकरांत यंदा बाजरी आहे आणि टेपानं अंतर मोजून, मेडे ठोकून मी नमुन्याच्या जागा खुणावून ठेवल्यात. तात्या रोज एक मेडा जनावरं बांधायला उपटून नेतात.